पुसण्याआधीची प्रत

ई-रीडर हे केवळ पुस्तके वाचण्यासाठी घडवलेले यंत्र असून, ते कारखान्यातून बाहेर पडताना ज्या कोऱ्या अवस्थेत होते त्या अवस्थेत त्याला परत नेण्याच्या क्रियेला ‘फॅक्टरी रीसेट’ म्हणतात. अमरावती-अकोल्याच्या मोबाइल दुरुस्तीच्या दुकानांत या क्रियेला ‘फॉरमॅट मारणे’ असे सुटसुटीत नाव आहे, आणि हँग झालेल्या कोणत्याही यंत्रावरचा तो हमखास उपाय मानला जातो. मोबाइलच्या बाबतीत हा उपाय बहुधा निभावून जातो, कारण छायाचित्रांची व संपर्कांची एक प्रत आता अनेकांच्या खात्यांत आपोआप साठत असते; ई-रीडरच्या, आणि त्यातही मराठी वाचकाच्या ई-रीडरच्या बाबतीत मात्र तो तितका निरुपद्रवी नसतो. कंपनीने विकलेले पुस्तक रीसेटनंतर परत उतरवून घेता येते, परंतु वाचकाने स्वतः शोधून, जमवून, संगणकाच्या वायरीने यंत्रात भरलेले पुस्तक परत येत नाही. आणि मराठी वाचकाच्या यंत्रातला बराचसा ग्रंथसंग्रह या दुसऱ्या प्रकारचाच असतो.

तो तसा का असतो, याचे उत्तर या यंत्राच्या इतिहासात आहे. कागदासारखा दिसणारा पडदा बनवणारी ‘ई इंक’ ही कंपनी १९९७ मध्ये अमेरिकेतील एमआयटी या संस्थेतील संशोधनातून उभी राहिली, तो पडदा वापरणारे सोनीचे ‘लिब्रिए’ हे वाचनयंत्र २००४ मध्ये जपानमध्ये आले, आणि नोव्हेंबर २००७ मध्ये ॲमेझॉनने ‘किंडल’ बाजारात आणल्यावर या यंत्राला मोठा वाचकवर्ग मिळाला. त्या पहिल्या किंडलची किंमत ३९९ डॉलर होती आणि त्याची साठवणक्षमता अवघी २५० एमबी, म्हणजे सुमारे दोनशे इंग्रजी पुस्तके मावतील एवढी होती. भारतात किंडलची अधिकृत विक्री २०१२ मध्ये सुरू झाली, पण मराठीसह पाच भारतीय भाषांतील पुस्तकांचे दालन त्या दुकानात उघडायला २०१६ चा डिसेंबर उजाडावा लागला. मधल्या चार वर्षांत मराठी वाचक थांबून राहिला नाही. ई साहित्य प्रतिष्ठानने विनामूल्य दिलेली पुस्तके, महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने संकेतस्थळावर ठेवलेले ग्रंथ, विकिस्रोतावर स्वयंसेवकांनी टंकलेले जुने साहित्य आणि ग्रंथालयांतील जीर्ण पुस्तकांच्या छायाप्रती असा संग्रह त्याने पीडीएफच्या, म्हणजे पानाचे जसेच्या तसे चित्र राखणाऱ्या फाइलींच्या रूपाने जमवला, आणि दुकानात मराठी पुस्तके आल्यानंतरही ही सवय टिकून राहिली, कारण त्याला हवी असलेली अनेक जुनी पुस्तके कोणत्याच दुकानात विकत मिळत नाहीत.

वऱ्हाडच्या वाचकाला तर हे विशेषच लागू पडते. भारतीय कायद्याप्रमाणे लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी त्याच्या हयातीत प्रसिद्ध झालेल्या लेखनावरचा स्वामित्वहक्क संपतो. त्यामुळे अमरावती जिल्ह्यात जन्मलेल्या आणि १९१५ मध्ये निवर्तलेल्या गुलाबराव महाराजांसारख्या ग्रंथकाराचे हयातीत छापले गेलेले लेखन कोणालाही मुक्तपणे प्रतिरूपित करता येते. महानुभाव पंथाच्या अभ्यासकाजवळ पोथ्यांच्या छायाप्रती असतात, संशोधन करणाऱ्याजवळ जुन्या नियतकालिकांचे अंक असतात, शेतकऱ्याच्या घरी शेतीविषयक पुस्तिका असतात, आणि स्पर्धापरीक्षेच्या विद्यार्थ्याजवळ स्वतः टंकलेली टिपणे असतात. ही सारी सामग्री जेव्हा यंत्रात वायरीने भरली जाते तेव्हा तिची नोंद कंपनीच्या संगणकावर कोठेही होत नाही. कंपनीच्या दृष्टीने ती अस्तित्वातच नसते.

रीसेटमध्ये नेमके काय घडते हे समजण्यासाठी यंत्राच्या स्मृतीची रचना पाहावी लागते. ई-रीडरच्या आत एका छोट्या चिपवर स्मृती असते आणि ती एकाच चिपवर असूनही अनेक कप्प्यांत विभागलेली असते. एका कप्प्यात यंत्र चालवणारी मूळ प्रणाली, म्हणजे फर्मवेअर, असते, आणि या कप्प्याला सामान्य वापरात हात लावता येत नाही. दुसऱ्या, सर्वांत मोठ्या कप्प्यात वाचकाची पुस्तके असतात. आणि आणखी एखाद्या कप्प्यात वायफायचे पासवर्ड, खात्याची नोंदणी, अक्षराचा आकार, भाषेची निवड अशा वाचकाच्या मांडणीच्या नोंदी राहतात. रीसेटची आज्ञा दिली की यंत्र पहिला कप्पा शाबूत ठेवून उरलेले कप्पे मोकळे करते आणि नव्याने आखते. ‘मूळ कारखानी अवस्था’ हे शब्द म्हणूनच थोडे फसवे आहेत, कारण किंडलमध्ये वेळोवेळी आलेल्या सुधारणांमुळे जी नवी प्रणाली बसलेली असते ती रीसेटनंतरही तशीच राहते, आणि यंत्र विकत घेतले त्या दिवशीची प्रणाली परत येत नाही. ‘कोबो’ या दुसऱ्या बनावटीच्या काही जुन्या ई-रीडरांत याच्या उलट व्यवस्था होती. त्यांच्या एका राखीव कप्प्यात मूळ प्रणालीची प्रत जपलेली असे आणि पूर्ण रीसेट केल्यावर यंत्र खरोखरच त्या जुन्या प्रणालीवर जाई. यंत्र बिघडलेल्या सुधारणेमुळे अडखळत असेल तर किंडलचा रीसेट त्यावर उपाय ठरत नाही, हे या फरकातूनच निघते.

पुस्तकांइतकीच मोलाची असते ती पुस्तकांवर केलेली खूण. वाचक एखादे वाक्य अधोरेखित करतो किंवा समासात टीप लिहितो, तेव्हा किंडल त्या खुणेची नोंद दोन ठिकाणी ठेवते : पुस्तकाशेजारच्या एका लहानशा फोल्डरमध्ये आणि ‘माय क्लिपिंग्ज’ नावाच्या एका साध्या मजकुराच्या फाइलमध्ये. दुकानातून विकत घेतलेल्या पुस्तकावरच्या खुणा, समक्रमणाची सोय चालू असल्यास, कंपनीच्या संगणकावरही पोहोचतात आणि रीसेटनंतर पुस्तकासोबत परततात. वायरीने भरलेल्या पुस्तकावरच्या खुणा मात्र यंत्राबाहेर कोठेही जात नाहीत, म्हणून रीसेट होताच पुस्तक, त्यावरची अधोरेखिते आणि ‘माय क्लिपिंग्ज’मधली वर्षानुवर्षांची नोंद हे तिन्ही एकदम नाहीसे होतात. पुस्तक कदाचित पुन्हा मिळेल, पण वाचताना सुचलेले विचार पुन्हा त्याच शब्दांत सुचत नाहीत. प्रबंध लिहिणाऱ्या विद्यार्थ्याच्या दृष्टीने ही हानी यंत्राच्या किमतीहून कितीतरी मोठी असते.

एकाच प्रतीवर विसंबलेला ग्रंथ किती नाजूक असतो याचे मराठीतील सर्वांत मोठे उदाहरण अमरावती जिल्ह्यातच आहे. मोर्शी तालुक्यातील रिद्धपूर येथे तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात म्हाइंभटांनी महानुभाव पंथाचे प्रवर्तक चक्रधर स्वामी यांच्या आठवणी एकत्र करून ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले. ज्यांनी स्वामींना पाहिले-ऐकले होते त्यांच्याकडे जाऊन म्हाइंभटांनी एकेक प्रसंग मिळवला आणि तो स्वामींचे शिष्य नागदेवाचार्य यांच्याकडून पडताळून घेतला, त्यामुळे हा ग्रंथ जन्मतःच अनेकांच्या स्मृतीवर उभा होता. पुढे यादवांच्या राज्यावर उत्तरेकडून झालेल्या स्वाऱ्यांच्या धामधुमीत मूळ पोथी हरवली आणि हिराइसेसारख्या ज्या अनुयायांना ती मुखोद्गत होती त्यांच्या आठवणीतून ती पुन्हा उभी करावी लागली, असे पंथाची परंपरा सांगते. आज लीळाचरित्राचे जे निरनिराळे पाठ मिळतात त्यांचे एक महत्त्वाचे कारण हेच आहे; महानुभाव वाङ्मयात पाठभेदाला ‘वासना’ असा शब्द आहे आणि लिहिणाऱ्यांनी असे भेद झाकून न ठेवता पोथ्यांत नोंदवून ठेवले, ही त्यांच्या प्रामाणिकपणाची साक्ष म्हणावी लागेल. ग्रंथ वाचला तो दुसरीकडे, माणसांच्या मनात, त्याची प्रत होती म्हणून. आणि ती प्रत मूळ प्रतीशी शब्दशः जुळणारी नव्हती म्हणून पाठभेद उरले. ज्या गावात हे घडले त्याच रिद्धपूरला २०२४ मध्ये मराठी भाषा विद्यापीठ सुरू झाले आहे, आणि तेथे शिकणाऱ्या विद्यार्थ्यांपैकी ज्यांच्या हाती ई-रीडर असेल त्यांना पोथ्यांच्या छायाप्रतींची दुसरी प्रत ठेवण्याचे महत्त्व वेगळे सांगावे लागू नये.

विकत घेतलेले पुस्तक परत येते हे विधानही एका मर्यादेतच खरे आहे. ई-पुस्तक विकत घेताना वाचकाला बहुधा पुस्तकाची मालकी मिळत नाही, तर ते वाचण्याची परवानगी मिळते, आणि परवानगी देणाऱ्याला ती मागेही घेता येते. जुलै २००९ मध्ये ॲमेझॉनने जॉर्ज ऑर्वेलच्या ‘१९८४’ व ‘ॲनिमल फार्म’ या पुस्तकांच्या काही प्रती वाचकांच्या यंत्रांतून दुरूनच काढून घेतल्या, कारण त्या विकणाऱ्या प्रकाशकाकडे हक्क नव्हते; पैसे परत दिले गेले, पण एका शाळकरी विद्यार्थ्याने पुस्तकावर केलेली टिपणे मूळ मजकुरावाचून निरर्थक ठरली आणि त्याने कंपनीवर दावा लावला. मायक्रोसॉफ्टने २०१९ मध्ये आपले ई-पुस्तकांचे दुकान बंद केले तेव्हा वाचकांना पुस्तकांची किंमत परत मिळाली आणि ज्यांनी पुस्तकांवर टिपणे केली होती त्यांना वर २५ डॉलर देण्यात आले. वाचकाच्या टिपणांना स्वतंत्र मोल आहे हे एका मोठ्या कंपनीने मान्य केल्याचे हे उदाहरण लक्षात ठेवण्यासारखे आहे, मग ती रक्कम कितीही अपुरी वाटो. फेब्रुवारी २०२५ मध्ये वाचकाने विकत घेतलेले पुस्तक संकेतस्थळावरून संगणकावर उतरवून वायरीने किंडलमध्ये घालण्याची सोयही ॲमेझॉनने बंद केली, त्यामुळे विकत घेतलेल्या पुस्तकाची प्रत स्वतःजवळ राखण्याचा एक सरळ मार्ग कमी झाला.

गमावलेल्या पुस्तकांची व टिपणांची ही किंमत ध्यानात घेतली तर रीसेटची गरज खरोखर केव्हा असते हा प्रश्न आधी विचारायला हवा, आणि त्याचे उत्तर पुष्कळ वेळा ‘नसते’ असे येते. ई-रीडरचा पडदा सूक्ष्म कुप्यांनी बनलेला असतो; केसाच्या जाडीएवढ्या या प्रत्येक कुपीत पारदर्शक द्रवात पांढरे व काळे कण तरंगत असतात, पांढऱ्यांवर धन व काळ्यांवर ऋण विद्युतभार असतो, आणि पडद्याखालून दिलेल्या दाबानुसार यांपैकी एका रंगाचे कण वर येतात. एकदा वर आलेले कण वीज नसतानाही तेथेच राहतात, म्हणून या पडद्याला वीज लागते ती पान बदलताना, पान दाखवत राहण्यासाठी नव्हे. याच गुणामुळे यंत्राची बॅटरी आठवडेच्या आठवडे चालते, आणि याच गुणामुळे वाचकाची फसगतही होते : बॅटरी पूर्ण उतरली असली किंवा आतली प्रणाली गोठली असली तरी पडद्यावर पान तसेच दिसत राहते, बोट लावल्यावर काही हलत नाही, आणि यंत्र कायमचे बिघडले असे वाटू लागते. अशा वेळी यंत्र प्रथम तासभर चार्जिंगला लावावे आणि मग किंडलचे पॉवर बटण सलग ४० सेकंद दाबून धरावे. यंत्र बंद होऊन पुन्हा सुरू होते आणि एकही पुस्तक जात नाही. या क्रियेला रीस्टार्ट म्हणतात. रीस्टार्ट आणि रीसेट या दोन शब्दांच्या सारखेपणामुळे दुकानात आणि घरात जेवढे पुस्तकसंग्रह गमावले जातात तेवढे खऱ्या बिघाडामुळे क्वचितच जात असतील.

यंत्र बिघडल्यासारखे वाटण्याचे दुसरे कारण उन्हाचे. अकोल्यात आणि अमरावतीत मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या घरात जातो, तर बहुतेक ई-रीडरसाठी निर्मात्यांनी सुचवलेली वापराची कमाल मर्यादा ३५ अंशांच्या आसपास असते, म्हणजे वऱ्हाडातल्या उन्हाळ्यात हे यंत्र दिवसाचा बराच वेळ आपल्या मर्यादेबाहेरच वापरले जाते. कुप्यांतील द्रवाचा दाटपणा तापमानाप्रमाणे बदलतो, म्हणून कण किती वेळ व किती जोराने ढकलायचे याचे तापमानानुसार केलेले कोष्टक यंत्रात भरलेले असते आणि आतल्या तापमापकाच्या वाचनानुसार यंत्र त्यातले योग्य मान निवडते. उष्णता फार वाढली की हा मेळ बिघडतो, मागच्या पानाची अंधुक सावली नव्या पानावर रेंगाळते आणि अक्षरे पुसट वाटू लागतात. टिनाच्या छपराखालच्या खोलीत, दुपारी उभ्या केलेल्या गाडीत किंवा एसटीच्या खिडकीतल्या उन्हात यंत्र राहिले की हे हमखास घडते. यंत्र सावलीत निवू दिले की बहुधा दोष आपोआप जातो. मात्र निववण्यासाठी ते थेट कूलरच्या ओल्या झोतात ठेवणे इष्ट नाही, कारण दमट हवा चार्जिंगच्या खाचेला बाधते.

तिसरे कारण अधिक सूक्ष्म आहे. नवे पुस्तक येताच यंत्र त्यातील प्रत्येक शब्दाची सूची बनवू लागते, म्हणजे पुढे शोध घेताना सारे पुस्तक चाळावे लागू नये, आणि या कामाला इंडेक्सिंग म्हणतात. एकाच वेळी शे-दोनशे पुस्तके भरली तर हे काम तासन्‌तास चालते, त्या काळात पाने सावकाश उलटतात आणि बॅटरी भराभर उतरते. एखादी फाइल सदोष असेल तर सूची तेथेच अडकून पडते. अलीकडे भरलेली पुस्तके एकेक करून काढून पाहिली आणि दरवेळी रीस्टार्ट केले, तर दोषी फाइल सापडते. हा उपाय वेळखाऊ आहे खरा, परंतु एका फाइलीसाठी सारा संग्रह पुसण्यापेक्षा तो कितीतरी बरा.

एवढे करूनही यंत्र सुधारले नाही, किंवा ते दुसऱ्याला द्यायचे ठरले, तर रीसेट करणे योग्यच आहे, आणि त्याआधीची तयारी अवघड नाही. यंत्र वायरीने संगणकाला जोडल्यावर ते बहुधा पेन ड्राइव्हसारखे उघडते. त्यातील ‘डॉक्युमेंट्स’ हा फोल्डर संपूर्ण, म्हणजे पुस्तकांच्या शेजारी असलेल्या ‘एसडीआर’ शेपटीच्या लहान फोल्डरांसह आणि ‘माय क्लिपिंग्ज’ फाइलसह, संगणकावर उतरवून घ्यावा. ते लहान फोल्डर अनेकजण कचरा समजून वगळतात, वस्तुतः वाचनाचा टप्पा आणि अधोरेखिते त्यांतच असतात, आणि पुस्तक त्यांच्यासह जसेच्या तसे परत ठेवले तर खुणाही बहुतेक वेळा परततात. मराठीसाठी कोणी आपल्या आवडीचा टंक यंत्रात बसवला असेल तर ‘फॉन्ट्स’ हा फोल्डरही घ्यावा, कारण रीसेटमध्ये तोही पुसला जातो. संग्रह मोठा असेल तर कोविद गोयल या भारतीय संगणकतज्ज्ञाने २००६ मध्ये सुरू केलेली ‘कॅलिबर’ ही विनामूल्य प्रणाली संगणकावर पुस्तकांची सूची ठेवण्यास आणि एका फाइलप्रकारातून दुसऱ्यात नेण्यास उपयोगी पडते. ‘सेंड टू किंडल’ या सोयीने पाठवलेली स्वतःची पुस्तके कंपनीच्या संगणकावर राहतात व पुन्हा उतरवता येतात, म्हणून वायरीऐवजी हा मार्ग धरणाऱ्याला रीसेटची भीती कमी असते. ईपब हा सर्वत्र चालणारा पुस्तकप्रकारही २०२२ पासून या मार्गाने पाठवता येतो. युनिकोडच्या प्रचलित साठवणपद्धतीत देवनागरीचे प्रत्येक चिन्ह तीन बाइट घेत असले, तरी टंकलेली मराठी कादंबरी एक-दोन एमबींत बसते. छायाप्रतीची पोथी मात्र सहज पन्नास-शंभर एमबींची होते, आणि आकाराच्या मर्यादेमुळे तिच्यासाठी कधीकधी वायरीचाच मार्ग उरतो.

रीसेटची प्रत्यक्ष कृती काही मिनिटांची आहे. बॅटरी निम्म्याहून अधिक भरलेली असावी, कारण पुसण्याचे काम अर्ध्यावर असताना यंत्र बंद पडले तर प्रणालीलाच धक्का पोहोचू शकतो, आणि भारनियमनाची सवय असलेल्या गावात चार्जरवर विसंबून हे काम काढू नये. किंडलमध्ये सेटिंग्जमध्ये जाऊन डिव्हाइस ऑप्शन्स व त्यात रीसेट हा पर्याय निवडावा लागतो, तर कोबोमध्ये तो डिव्हाइस इन्फर्मेशनमध्ये असतो. नमुन्याप्रमाणे या जागा थोड्याफार बदलतात. यंत्र एकदाच विचारते, होकार मिळताच बंद होते आणि काही मिनिटांनी भाषा निवडण्याच्या पहिल्या पडद्यावर उघडते. किंडलला लावलेला संकेतांक वाचक विसरला असेल तर त्या जागी १११२२२७७७ हे आकडे भरताच यंत्र स्वतःला पुसून टाकते. यावरून संकेतांकाचे रक्षण आतल्या मजकुरापुरते असते, यंत्रापुरते नसते, हे स्पष्ट व्हावे : चोराला यंत्र कोरे करून वापरता येईल, पण मालकाची पुस्तके व टिपणे वाचता येणार नाहीत.

यंत्र भाच्याला, मित्राला किंवा गावच्या वाचनालयाला देताना आणखी एक गोष्ट पाहावी लागते. यंत्र मालकाच्या खात्याशी जोडलेले असते आणि त्या खात्याला पैसे भरण्याची सोय जोडलेली असल्यास नव्या हातातून सहजच पुस्तके विकत घेतली जाऊ शकतात. म्हणून रीसेटपूर्वी नोंदणी रद्द करावी आणि नंतर संकेतस्थळावरील आपल्या यंत्रांच्या यादीतूनही ते निघाले आहे याची खात्री करावी. पुसलेले खरोखर पुसले जाते का, हा याच्याही पुढचा प्रश्न आहे. फाइल काढून टाकली की चिपवरचा मजकूर लगेच नाहीसा होत नाही. ग्रंथालयातील सूचीपत्र फाडावे आणि पुस्तक फडताळातच राहावे, तसे होते, आणि त्या जागी नवा मजकूर लिहिला जाईपर्यंत जुना विशेष साधनांनी वाचता येण्याची शक्यता राहते. आधुनिक फोन यावर गुप्तलेखनाचा उपाय योजतात : सारा मजकूर आधीपासूनच एका किल्लीने गूढ करून लिहिलेला असतो आणि रीसेटमध्ये ती किल्ली नष्ट केली की उरलेली अक्षरे असून नसल्यासारखी होतात.

ही कल्पनाही वऱ्हाडाला नवी नाही. चौदाव्या शतकापासून महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत लिहिले. त्यांत नेहमीच्या अक्षराच्या जागी ठरलेले दुसरे अक्षर येई, किल्ली पंथाच्या परंपरेत जपली जाई आणि बाहेरच्याला पोथी हातात असूनही अर्थ लागत नसे. विसाव्या शतकाच्या प्रारंभी वि. का. राजवाडे, वि. ल. भावे यांसारख्या संशोधकांच्या प्रयत्नांनी ती किल्ली बाहेर आली तेव्हा मराठीचे एक प्राचीन भांडार अभ्यासकांना खुले झाले. किल्ली टिकली म्हणून ते खुले होऊ शकले, आणि फोनचा रीसेट नेमके याच्या उलट करतो. सर्वच ई-रीडर असे गुप्तलेखन वापरतात असे गृहीत धरणे धोक्याचे आहे, म्हणून ज्याच्या यंत्रात खासगी कागदपत्रे होती त्याने रीसेटनंतर, खात्याची नोंदणी न करता, सारी जागा निरुपद्रवी मोठ्या फाइलींनी भरावी आणि पुन्हा एकदा रीसेट करावे. यंत्र दुरुस्तीपलीकडे गेले असेल तर ते भंगारवाल्याकडे टाकू नये, कारण त्यातील लिथियम बॅटरी दाबली वा छेदली गेल्यास पेट घेऊ शकते. १ एप्रिल २०२३ पासून लागू झालेल्या ई-कचरा नियमांनुसार अशा वस्तूंच्या पुनर्चक्रणाची जबाबदारी उत्पादकांवर आहे आणि त्या नोंदणीकृत केंद्राकडेच जाव्यात अशी अपेक्षा आहे.

रीसेट झालेले यंत्र पुन्हा वाचनाला सिद्ध करण्यासाठी वायफाय लागते, कारण खात्याची नोंदणी त्यावाचून होत नाही. अमरावती शहरात हे कोणाच्या ध्यानातही येणार नाही, पण मेळघाटात, धारणी-चिखलदऱ्याच्या डोंगरातील अनेक गावांत नेटवर्क धरसोडीचे असते, आणि तेथे सुटीवर गेलेल्या शिक्षकाने किंवा अभ्यासकाने मुक्कामाच्या पहिल्याच दिवशी रीसेट केला तर परतेपर्यंत त्याला आपली विकत घेतलेली पुस्तके वाचता येणार नाहीत. मेळघाटात जाण्यापूर्वी हे काम परतवाड्यालाच उरकावे. नोंदणी झाल्यावर आधी विकत घेतलेली, मग संगणकावर जपलेली पुस्तके घालावीत, आणि सगळी एकदम न घालता वीस-पंचवीसच्या टप्प्यांनी घालावीत. ‘माय क्लिपिंग्ज’ची जुनी फाइल यंत्रात परत न टाकता संगणकावरच वेगळ्या नावाने ठेवणे सोयीचे असते, कारण यंत्र नव्या खुणांसाठी त्याच नावाची फाइल पुन्हा सुरू करते आणि दोहोंची सरमिसळ होऊ शकते. पुस्तके भरून झाली की यंत्र रात्रभर चार्जरला लावून, पंख्याखाली, कोरड्या जागी ठेवून द्यावे. त्या रात्री ते आपली सूची नव्याने लिहीत असते, आणि सकाळपर्यंत त्याला हात न लावलेला बरा.